न पडलेली घडी

अंधाऱ्या दालनात समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन तरुणी दिसतात. एक या भिंतीवर, दुसरी त्या भिंतीवर. एक भारतातली, एक पाकिस्तानातली. दोघी मिळून एका साडीची घडी घालू पाहतात आणि घडी काही पडत नाही. त्या दोघींच्या मधल्या जमिनीवर पत्र्याच्या बारा पेट्या झाकणं उघडून मांडल्या आहेत. पेट्यांत रजया आहेत आणि रजयांच्या कुशीत टीव्हीचे पडदे चालू आहेत. मोठ्या भिंतीवर अणुस्फोटाचे ढग उठतात. हे सगळं वीस मिनिटं चालतं आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होतं.

नलिनी मलानी यांची ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ ही १९९८ सालची व्हिडिओ-मांडणी. त्या वर्षी ११ आणि १३ मे रोजी भारताने पोखरणला अणुचाचण्या केल्या आणि त्याच महिन्याच्या अखेरीस पाकिस्तानने चागईच्या डोंगरात केल्या. दोन्हीकडे पेढे वाटले गेले. त्या जल्लोषात एका चित्रकर्तीला साडीची घडी सुचली. मला या कलाकृतीचं सगळ्यात मोठं बळ इथेच दिसतं. शतकातलं सगळ्यात भयंकर अस्त्र मोजायला तिने माप घेतलं ते घरातल्या रोजच्या कामाचं.

साडीची घडी दोघींनी कशी घालायची, हे आपल्याकडे शिकवावं लागत नाही. वाळत घातलेलं लुगडं दोरीवरून काढलं की आई हाक मारते, ‘ये गं, जरा धर.’ एकीने पदराकडची दोन टोकं धरायची, दुसरीने दुसऱ्या बाजूची. मागे सरकून कापड ताणायचं, एक झटका द्यायचा म्हणजे चुण्या मोडतात. मग काठाला काठ लावायचा. मग दोघींनी चार पावलं पुढं यायचं. एकीने आपल्या हातातली टोकं दुसरीच्या हातात द्यायची आणि खाली लोंबणारी नवी घडी उचलायची. दर घडीला अंतर अर्ध्यावर येतं. शेवटी दोघी इतक्या जवळ येतात की एकीचा श्वास दुसरीला लागतो, आणि त्या जवळिकीत चार गोष्टी बोलल्या जातात: माहेरच्या, दुखण्याखुपण्याच्या, कुणाला सांगता न येणाऱ्या. घडी हे निमित्त असतं.

आता हीच क्रिया मलानी यांनी कुठे नेऊन ठेवली आहे ते पाहा. दोन प्रोजेक्टर, दोन भिंती. या भिंतीवरच्या बाईने कितीही पुढं पाऊल टाकलं तरी ती आपल्या भिंतीबाहेर येऊ शकत नाही. हातातली टोकं समोरचीच्या हातात देण्याचा जो क्षण आहे, बोटांना बोटं लागण्याचा, तोच या मांडणीत अशक्य करून ठेवला आहे. म्हणजे ताणणं शक्य आहे, झटका देणं शक्य आहे. जवळ येणं तेवढं शक्य नाही. फाळणीवर शेकडो पुस्तकं आहेत. पण फाळणी म्हणजे काय, हे एका कृतीत, एका शब्दावाचून, इतकं नेमकं सांगणारं दुसरं काम माझ्या माहितीत नाही. तंत्राची मर्यादा इथे आशय होते. प्रोजेक्टरची चौकट हीच सीमारेषा ठरते.

आणि तरी त्या दोघी घडी घालायचं सोडत नाहीत. त्यांच्या चेहऱ्यावर आक्रोश नाही. काम अडलंय, एवढंच आहे. घरातली अस्वस्थता बहुतेक वेळा अशीच असते. ती ओरडून येत नाही. रोजचं काम करताना हात कुठेतरी अडतो आणि का अडला ते सांगता येत नाही, अशी ती येते. मलानी यांनी हा अडलेला हात दाखवला आणि कारण बघणाऱ्यावर सोपवलं.

पेट्यांकडे वळू. पत्र्याची पेटी ही आपल्या घरातली सगळ्यात जुनी विश्वासू वस्तू. नवरीबरोबर ती सासरी येते, पोरगा वसतिगृहात जातो तेव्हा त्याच्याबरोबर जाते, जवानाबरोबर पलटणीत जाते. एरवी ती माळ्यावर किंवा बाजेखाली असते. तिच्यात थंडीच्या रजया, लग्नातला शालू, सातबाऱ्याचा उतारा आणि देवघरातलं चांदीचं नाणं एकत्र नांदतात. घर हलवायची वेळ आली की पहिल्यांदा तीच उचलली जाते. १९४७ मध्ये लाखो कुटुंबांनी जे काही बरोबर घेतलं ते पेटीत मावलं तेवढंच. मलानी यांचं स्वतःचं कुटुंब त्यांतलंच. त्यांचा जन्म १९ फेब्रुवारी १९४६ चा, कराचीचा. वर्ष-दीड वर्षाचं मूल घेऊन आईवडील निघाले, आधी कलकत्त्याला आले, पुढे मुंबईला. घर मागे राहिलं.

म्हणून या बारा पेट्या नुसता देखावा नाहीत. उघडलेल्या पेटीत कपड्यांऐवजी परागंदा झालेल्या माणसांची चित्रं हलतात. बघणाऱ्याला ती पाहायला वाकावं लागतं, पेट्यांमधून वाट काढत चालावं लागतं. इथे सिनेमा आणि व्हिडिओ-मांडणी यांतला फरक लक्षात येतो. सिनेमात आपण खुर्चीत बसतो आणि पडदा आपल्याला गोष्ट सांगतो. इथे खुर्ची नाही आणि समोर एकच पडदाही नाही. साडीवाल्या एकीकडे पाहावं तर दुसरीकडे पाठ होते. पेटीत डोकावलं तर मागे भिंतीवर स्फोट होतो. आपण त्या दोघींच्या मधोमध, नेमके त्या न पडलेल्या घडीच्या जागी उभे असतो. पायाखाली मायलारचं आरशासारखं चकचकीत प्लास्टिक अंथरलेलं, त्यात आपलंच हलतं प्रतिबिंब. कुठेही उभं राहिलं तरी आपण बाहेरचे प्रेक्षक राहत नाही.

मलानी यांनी आधार घेतला उर्दू कथाकार सआदत हसन मंटो यांच्या ‘टोबा टेक सिंग’ या १९५५ च्या कथेचा. फाळणीनंतर दोन-तीन वर्षांनी दोन्ही सरकारं ठरवतात की वेड्यांचीही अदलाबदल करायची: तिकडचे हिंदू-शीख वेडे इकडे, इकडचे मुसलमान वेडे तिकडे. लाहोरच्या वेड्यांच्या इस्पितळात बिशन सिंग नावाचा शीख आहे. पंधरा वर्षं तो उभाच आहे. त्याला एवढंच विचारायचं आहे की आपलं गाव टोबा टेक सिंग कुठल्या देशात गेलं. शेवटी दोन्हीकडच्या काटेरी तारांच्या मधल्या, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर तो कोसळतो.

कथेचा शेवट सगळ्यांना आठवतो. मला या मांडणीसमोर आठवतो तो मधला प्रसंग. फजलदीन हा गावचा मुसलमान मित्र बिशन सिंगला भेटायला येतो. घरचे सुखरूप सीमेपार गेले, म्हशी व्याल्या, असं सगळं तो सांगत जातो. मुलगी रूप कौर हिच्यापाशी आला की तो अडखळतो. वाक्य सावरून घेतो आणि पुढं जातो. म्हशींची बातमी पूर्ण येते, मुलीची येत नाही. मंटो तिथे काहीही वर्णन करत नाहीत. त्या अडखळण्यात त्या काळातल्या हजारो मुलींचं काय झालं ते आहे. मलानी यांच्या दोन बायका मला त्या अडखळलेल्या वाक्यातून निघालेल्या वाटतात. मंटोंच्या कथेत केंद्रस्थानी पुरुष आहे आणि मुलगी वाक्यातल्या खाचेत. मलानी यांनी ती खाच भिंतीएवढी मोठी केली. रसिकाने मूळ कथा आणि ही मांडणी शेजारी ठेवून पाहाव्यात त्या यासाठी. हे कथेचं चित्रण नाही. कथेने मुद्दाम जे रिकामं ठेवलं ते या मांडणीने पाहिलं.

ही नजर एका रात्रीत आली नाही. तिचा माग तीस वर्षं मागे जातो. १९६९ मध्ये चित्रकार अकबर पदमसी यांनी जवाहरलाल नेहरू फेलोशिपच्या पैशातून मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केलं. चित्रकार, सिनेमावाले, छायाचित्रकार यांनी एकत्र येऊन कॅमेरा हाताळावा, प्रयोग करावेत, अशी ती जागा. मणी कौल, कुमार शहानी हे सिनेदिग्दर्शक तिथे येत. मलानी तेव्हा जेजे स्कूल ऑफ आर्टमधून नुकत्याच बाहेर पडल्या होत्या. वय तेवीस. त्यांनी तिथे केलेल्या छोट्या फिल्म आज भारतीय प्रयोगशील चलच्चित्रातल्या सुरुवातीच्या कामांत गणल्या जातात. व्हिडिओ अजून आपल्याकडे यायचा होता, काम १६ मिलिमीटर आणि ८ मिलिमीटरच्या फिल्मवर चाले.

त्यांतली ‘स्टिल लाइफ’ कृष्णधवल आहे, काही मिनिटांचीच. माणूस दिसत नाही. कॅमेरा एका खोलीतल्या खासगी, वापरातल्या वस्तूंवरून फिरतो. चित्रकलेत ‘स्थिरचित्र’ म्हणजे टेबलावर मांडलेली फळं आणि सुरई. इथे वस्तू स्थिर आहेत आणि नजर मात्र स्थिर राहायला तयार नाही. कोणीतरी इथे होतं, गेलं, आणि काहीतरी घडलं असावं, हा संशय खोलीभर पसरतो. त्याच वर्षीच्या ‘ओनॅनिझम’मध्ये पलंगावर तळमळणारी एकटी बाई आहे. १९६९ मध्ये, मुंबईत, तेवीस वर्षांच्या मुलीने बाईच्या एकांतातल्या देहाकडे असं रोखून पाहावं, याला लागणारं धाडस आजही कमी झालेलं नाही.

तिसरं काम ‘युटोपिया’. हे दोन टप्प्यांत घडलं. १९६९ मध्ये त्यांनी ‘ड्रीम हाउसेस’ ही रंगीत फिल्म केली. घरांच्या छोट्या प्रतिकृतींवर प्रकाश आणि रंग टाकून एक-एक चौकट टिपलेली. नेहरूंच्या काळातलं स्वप्न त्यात आहे: सगळ्यांना घर मिळेल, नवी शहरं उभी राहतील. १९७६ मध्ये, आणीबाणीच्या दिवसांत, त्यांनी शेजारी दुसरी फिल्म जोडली. कृष्णधवल. तीत एक तरुणी उंच इमारतीतून मुंबईकडे पाहते आहे आणि समोर झोपड्या आहेत. दोन्ही फिल्म एकाच वेळी शेजारी चालतात. एकीकडे घराचं रंगीत स्वप्न, दुसरीकडे खिडकीतली बाई. दोन पडदे समोरासमोर किंवा शेजारी ठेवायचे आणि अर्थ मधल्या जागेत घडू द्यायचा, ही पुढच्या सगळ्या कामाची रीत इथेच सापडली. १९९८ च्या साडीची पहिली घडी १९७६ मध्ये पडली म्हणा ना.

मधल्या वर्षांत त्या पुन्हा रंगांकडे वळल्या. १९७९ च्या सुमारास सुरू झालेल्या ‘हिज लाइफ’ या चित्रमालेत मध्यमवर्गीय कुटुंबाची माणसं एका खोलीत असूनही एकमेकांपासून तुटलेली दिसतात. १९८१ च्या ‘प्लेस फॉर पीपल’ या गाजलेल्या प्रदर्शनात सुधीर पटवर्धन, भूपेन खख्खर, गुलाम मोहम्मद शेख यांच्याबरोबर त्याही होत्या. चित्रात माणूस, आणि माणसाचं घर, परत आणण्याचा तो काळ होता. मग नव्वदच्या दशकात अलकनंदा समर्थ यांच्याबरोबर ‘मेडिया’ आणि अनुराधा कपूर यांच्याबरोबर ‘द जॉब’ ही रंगभूमीवरची कामं झाली. रंगभूमीने त्यांना जागा वापरायला शिकवलं, आणि मग व्हिडिओ भिंतीवरून खाली उतरून पेटीत शिरला.

सगळंच इतकं जमलं, असं मी म्हणणार नाही. २००३ चं ‘युनिटी इन डायव्हर्सिटी’ घ्या. एक सजवलेला दिवाणखाना, सोनेरी चौकट, चौकटीत राजा रविवर्मा यांच्या ‘गॅलेक्सी ऑफ म्युझिशियन्स’मधल्या निरनिराळ्या प्रांतांच्या पोशाखातल्या वादक स्त्रिया. संगीत चालू असताना गोळीबार ऐकू येतो. २००२ च्या गुजरातमधल्या हिंसाचारानंतरचं हे काम आहे आणि त्यातला संताप खरा आहे. दिवाणखान्यात बसून हिंसा पाहणाऱ्या आपल्यासारख्यांना ते बरोबर पकडतं. पण गोळी झाडली की अर्थ उघड होतो आणि बघणाऱ्याला करायला काही उरत नाही. साडीच्या घडीत तसं होत नाही. तिथे कुणी गोळी झाडत नाही. म्हणून ती अधिक दिवस मनात राहते. घरातली बेचैनी दाखवताना आवाज जितका कमी, तितकी ती खोल जाते, हा धडा मलानी यांच्याच दोन कामांमधल्या फरकातून मिळतो.

हे सगळं मी कळंबला बसून लिहितो आहे. यवतमाळहून नागपूरच्या रस्त्याला लागलं की वीस-बावीस किलोमीटरवर हे गाव आहे. इथे कलादालन नाही. पण असं काम वाचायला लागणारी समज इथे नाही, असं कुणी म्हटलं तर मी ते मान्य करणार नाही. याच जिल्ह्यातल्या पारव्याला जन्मलेले नाटककार महेश एलकुंचवार यांनी ‘वाडा चिरेबंदी’मध्ये वाड्याच्या दारात एक नादुरुस्त ट्रॅक्टर उभा केला. येताजाता माणसांना तो लागतो, कुणी हलवत नाही. १९८५ मध्ये विजया मेहता यांनी ते नाटक रंगमंचावर आणलं तेव्हा एका घराची सगळी कुचंबणा प्रेक्षकाला त्या एका यंत्रात दिसली. अडलेली वस्तू आणि अडलेलं घर, ही भाषा वऱ्हाडाला परकी नाही.

आणि नाटकापर्यंत तरी कशाला जायचं? दिवाळीनंतर कापूस घरी येतो आणि भाव नसला की घरातच राहतो. पुढच्या खोलीत छतापर्यंत ढीग लागतो. बाजा त्याच्या कडेला सरकतात. पोरं त्यावरच झोपतात, अभ्यास त्याला टेकून होतो, अंगाला खाज सुटते, पाहुणा आला तर बसायला जागा नसते. घरधनी रोज त्या ढिगाकडे पाहतो आणि रोज भाव विचारतो. पांढराशुभ्र, मऊ, घरातलाच माल. आणि त्याच्याकडे पाहून झोप उडते. या खोलीत कॅमेरा ठेवून कुणी वीस मिनिटं नुसतं पाहिलं, तर त्यातून ‘स्टिल लाइफ’च्या तोडीचं काम निघेल. त्यात कुणाला रडवायची गरज पडणार नाही.

गावाची ओळख असलेल्या चिंतामणीच्या देवळाकडेही मी हल्ली या नजरेने पाहतो. चक्रावती नदीच्या काठचं हे देऊळ. पायऱ्या उतरून जमिनीखालच्या गाभाऱ्यात जावं लागतं. दर काही वर्षांनी गाभाऱ्यात पाणी चढतं आणि मूर्तीच्या पायांपर्यंत येतं. बारा वर्षांनी गंगा येते, ही भाविकांची श्रद्धा. आख्यायिका अशी की गौतम ऋषींच्या शापातून सुटण्यासाठी इंद्राने इथे गणेशाची आराधना केली. शाप कशाचा, तर नवऱ्याचं रूप घेऊन अहल्येच्या घरात शिरल्याचा. इंद्र इथे मोकळा झाला. अहल्येचं काय झालं, ते या आख्यायिकेत येत नाही. श्रद्धेचा पूर्ण मान राखून मी म्हणेन की जिच्या घरात ते घडलं, तिची बाजू पाहणं हे कलेचं काम आहे. मलानी आयुष्यभर सीता आणि ग्रीक कथांतल्या मेडिया, कॅसांड्रा यांच्याकडे परत परत जातात त्या याच कामासाठी. २००५ च्या ‘मदर इंडिया’ या पाच पडद्यांच्या मांडणीला मानववंशशास्त्रज्ञ वीणा दास यांच्या लेखनाचा आधार आहे, आणि तिथेही प्रश्न हाच आहे: देशाच्या इतिहासात बाईच्या शरीरावर जे झालं ते कुणाच्या भाषेत सांगायचं?

जगाने या कामाची दखल घेतली आहे. २०१२ मध्ये जर्मनीतल्या कासेलच्या ‘डॉक्युमेंटा’ प्रदर्शनात, २०१७ मध्ये पॅरिसच्या पाँपिदू केंद्रात त्यांची कामं मांडली गेली. २०२३ चा क्योतो पुरस्कार त्यांना मिळाला. मुंबईत ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये मांडलं गेलं, म्हणजे शाळेच्या सहली आणि गावाकडून मुंबई पाहायला आलेली कुटुंबं जिथे येतात अशा वास्तूत. मला ती जागा पाँपिदूपेक्षा महत्त्वाची वाटते. साडीची घडी आयुष्यभर घालत आलेली बाई त्या दोन भिंतींच्या मध्ये उभी राहिली, तर तिला कुणी काही समजावून सांगावं लागणार नाही.

व्हिडिओ ही सहज प्रवास करणारी कला आहे. मूळ चित्राला लागतो तसा विमा आणि पहारा तिला लागत नाही. या मांडणीसाठी परवानगी, प्रोजेक्टर, पांढऱ्या भिंती, आणि पेट्या व त्यांतले पडदे जमवावे लागतील, एवढंच. २०१९ मध्ये यवतमाळने अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचा मांडव उभारला. त्यापेक्षा कितीतरी कमी खर्चात जिल्ह्यातलं एखादं महाविद्यालय आपलं सभागृह चार दिवस या कामासाठी मोकळं करू शकतं. प्राचार्यांना, ग्रंथालयांच्या कार्यवाहांना आणि कलाशिक्षकांना माझं सांगणं एवढंच आहे: कलाकारांना आणि संग्रहालयांना पत्र लिहा, विचारा. आणि काम आलं, तर पहिल्या दिवशी समीक्षकांना बोलावू नका. आजूबाजूच्या वाड्यावस्त्यांवरच्या बायांना बोलवा.